पीरसाहेबांची उसनवारी

नोव्हेंबर १९८८. पाकिस्तानात अकरा वर्षांनी पक्षांच्या नावावर निवडणूक झाली आणि सिंधमधल्या खैरपूर जिल्ह्यातून एक चक्रावून टाकणारा निकाल आला. ज्यांच्या दर्शनासाठी वाळवंट तुडवत लोक येत, ते सातवे पीर पगारो, सय्यद शाह मर्दान शाह, पडले. पाडलं ते बेनझीर भुट्टोंच्या पीपल्स पार्टीचे उमेदवार परवेझ अली शाह यांनी. तेही पीरांच्या गादीच्याच जिल्ह्यात.

आपल्याकडे सूफी म्हटलं की चादर, लोबान, कव्वाली आणि उरूस एवढंच डोळ्यांपुढे येतं. सिंधमध्ये हे सगळं आहेच. पण तिथला पीर म्हणजे जमीनजुमला, वाडा, भांडणतंटे मिटवणारा अखेरचा शब्द आणि निवडणुकीच्या दिवसांत उमेदवारांची रीघसुद्धा. पीर पगारोंची गादी खैरपूरजवळच्या ‘पीर जो गोठ’ या गावी आहे. कादरी परंपरेतल्या सय्यद मुहम्मद राशिद यांच्यानंतर, एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला, घराण्याची वाटणी झाली. एका मुलाकडे बापाची पगडी गेली, दुसऱ्याकडे झेंडा. पगडीवाल्या शाखेच्या मुरीदांमधला, म्हणजे शिष्यांमधला, सगळ्यांत कडवा गट तो हुरांचा. पीराचा शब्द झेलायचा आणि वेळ आली तर त्यासाठी मरायचं, ही त्यांची ख्याती.

या आज्ञाधारकपणाची पहिली धास्ती घेतली ती मुंबईत बसलेल्या सरकारने. १९३६ पर्यंत सिंध हा मुंबई इलाख्याचाच भाग होता. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी हुरांचं पहिलं बंड मोडून काढल्यावर त्यांना गुन्हेगार जमाती कायद्याखाली आणलं गेलं. सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये तारेच्या कुंपणाआड माणसांची हजेरी ज्या कायद्याने घेतली जायची, तोच हा कायदा. सहावे पीर सिबगतुल्ला शाह यांना १९३० मध्ये बेकायदा शस्त्रं बाळगल्यासारख्या आरोपांवरून शिक्षा झाली, तेव्हा त्यांचं वकीलपत्र महंमद अली जिनांकडे होतं. शिक्षेचा काही काळ पीरांनी काढला तो आपल्या रत्नागिरीच्या तुरुंगात.

तुरुंगातून सुटून आलेला पीर आता नुसता गादीवरचा महाराज उरला नव्हता. इंग्रजांशी त्याचं उघड वैर जडलं होतं. १९४१ मध्ये त्यांना पुन्हा पकडून सिंधबाहेर हलवलं, आणि इकडे हुर पेटले. मे १९४२ मध्ये लाहोर मेल रुळावरून पाडली गेली, जूनमध्ये सिंधच्या मोठ्या भागात लष्करी कायदा लागू झाला. सांघडच्या बाजूला माखीच्या दलदलीच्या जंगलात हुर लपले होते. तिथे विमानांतून बाँब टाकले गेले. बायकामुलांसह हजारो माणसं काटेरी कुंपणांच्या छावण्यांत कोंडली गेली. या छावण्यांना सिंधीत ‘लोढा’ म्हणत. २० मार्च १९४३ ला हैदराबाद (सिंध) इथल्या तुरुंगात पीरांना फासावर चढवलं. मृतदेह घरच्यांना दिला नाही. कबर कुठे आहे, हे मुरीदांना अधिकृतपणे कधीच सांगण्यात आलं नाही.

पीरांच्या दोन अल्पवयीन मुलांची रवानगी पुढे विलायतेतल्या शाळेत झाली. हुरांच्या पोरांना कुंपणाआड ठेवायचं आणि पीराच्या पोरांना इंग्रजी साहेब करायचं, असा तो बेत. पाकिस्तान झालं तरी छावण्या लगेच उठल्या नाहीत. थोरला मुलगा, म्हणजे पुढचे सातवे पीर, परतला आणि १९५२ च्या फेब्रुवारीत सरकारने गादी पुन्हा मान्य केली. योगायोग असा की त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये भारताने गुन्हेगार जमाती कायदा रद्द केला.

पुढचा भाग या स्तंभाच्या विषयाचा, म्हणजे सत्तेच्या हिशेबाचा. जी निष्ठा १९४३ मध्ये राजद्रोह ठरली होती, तीच १९६५ च्या युद्धात देशभक्ती ठरली. राजस्थानच्या सीमेवर पाकिस्तानी सैन्याच्या जोडीला हुर मुजाहिद उतरले. बाडमेरकडचं मुनाबाव रेल्वे स्थानक पाकिस्तानच्या ताब्यात गेलं, त्यात त्यांचा हात होता. बापाला फाशी देणाऱ्यांच्या शाळेत शिकलेल्या पीराने बापाचीच फौज सरकारला वापरायला दिली होती. त्यानंतर लष्कराने हे घराणं कधी हातचं जाऊ दिलं नाही. पीरसाहेबही आपण ‘जीएचक्यू’चा, म्हणजे लष्करी मुख्यालयाचा माणूस आहोत हे लपवत नसत, उलट मिरवत.

माणूस मोठा रंगेल आणि हजरजबाबी. घोड्यांच्या शर्यतींचा शौक, कराचीच्या किंग्री हाउसमध्ये पत्रकारांचा गराडा, आणि अमुक सरकार कधी पडणार याची कोड्यात बोलल्यासारखी भाकितं. पण गमती सोडून पाहिलं तर डाव पक्का होता. १९७३ मध्ये झुल्फिकार अली भुट्टोंच्या विरोधातल्या आघाडीचे ते प्रमुख होते. भुट्टोंना उलथवून आलेल्या जनरल झियांशी त्यांनी जुळवून घेतलं. १९८५ मध्ये झियांना एक निरुपद्रवी पंतप्रधान हवा होता. पीरसाहेबांनी आपले मुरीद महंमद खान जुनेजो पुढे केले. जुनेजो आपण उसने दिलेत, असं ते म्हणत, हा किस्सा पाकिस्तानी राजकारणात आजही चघळला जातो.

उसना माणूस निघाला मात्र स्वतःच्या डोक्याचा. जुनेजोंनी १९८५ संपता संपता लष्करी कायदा उठवायला लावला, अफगाणिस्तानवरच्या जिनिव्हा करारावर झियांची नाखुशी असतानाही सही करू दिली. २९ मे १९८८ ला झियांनी त्यांना घरी पाठवलं. सहा महिन्यांनी, त्याच निवडणुकीत, सांघडमध्ये जुनेजो स्वतःही पडले.

मग खैरपूरच्या मुरीदांनी पीराशी बेइमानी केली का? तसं म्हणणं सोपं आहे, पण चूक. दर्ग्यावर त्यांचं डोकं टेकतच होतं. फरक एवढाच की १९७९ मध्ये भुट्टोंना फाशी झाली होती, १९८३ मध्ये लोकशाहीसाठी उठलेल्या सिंधला लष्कराने चिरडलं होतं, आणि त्या काळात पीरसाहेब लष्कराच्या बाजूला उभे दिसत होते. फासावर गेलेल्या बापाच्या पुण्याईवर पीरांची गादी उभी होती. मतपेटीत तिच्यासमोर फासावर गेलेल्या दुसऱ्या बापाची लेक आली. सिंधने हुतात्म्याच्या वारसालाच कौल दिला. फक्त तो वारस बदलला होता.

याचा अर्थ सिंधने पीर नाकारले, असाही नाही. बेनझीरच्या पक्षाचा एक पाय पहिल्यापासून हालाच्या मखदूम घराण्यात होता. तिथले मखदूम अमीन फहीम २००२ मध्ये आणि पुन्हा २००८ मध्ये पंतप्रधानपदाच्या उंबरठ्यापर्यंत पोचले. २००८ मध्ये खुर्ची शेवटी ज्यांना मिळाली ते युसूफ रझा गिलानी. तेही मुलतानच्या मूसा पाक शहीद यांच्या दर्ग्याच्या घराण्यातले. म्हणजे पीर हवाच, पण तो पक्षाच्या चौकटीत बसलेला. पक्षात राहणाऱ्या पीराला सामान्य माणसाचं दुखणं निदान भाषणात तरी मांडावं लागतं. पगारोंनी ती तसदी घेतली नाही. त्यांचा मुस्लिम लीगचा गट, ‘फंक्शनल’, कायम हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या जागांचा राहिला आणि त्यांचं वजन ठरवलं ते रावळपिंडीने, म्हणजे लष्करी मुख्यालयाने.

हे सातवे पीर जानेवारी २०१२ मध्ये लंडनमध्ये वारले आणि गादीवर त्यांचे चिरंजीव सिबगतुल्ला शाह, तिसरे, बसले. पीपल्स पार्टीच्या विरोधकांची मोट बांधून त्यांनी ‘जीडीए’ ही आघाडी चालवली. फेब्रुवारी २०२४ च्या निवडणुकीत तिला सिंध विधानसभेच्या अवघ्या दोन जागा मिळाल्या. गैरप्रकाराचा आरोप करत पीरांनी त्याही नको म्हणून सांगितलं आणि जामशोरोजवळ महामार्गावर धरणं धरलं. मुरीद लोंढ्यांनी आले, रस्ता भरून गेला. पण निकाल बदलला नाही, आणि लष्करातूनही कुणी धावून आलं नाही. सिंधमध्ये दुसरा खेळाडू सांभाळणं लष्कराला सोयीचं वाटू लागलं, तर पगारोंच्या दारात उसनं मागायला येणार कोण?