गेमचा बॅकअप आणि जयगडचे दुकान

सुट्टीवर आलेला माणूस आखातातून काय घेऊन येतो, याची यादी दर दहा-बारा वर्षांनी बदलत असते. एके काळी टू-इन-वन असे, नंतर व्ही.सी.आर. आला, आणि २००० सालानंतर पोरांच्या हट्टापायी प्लेस्टेशन-२चा काळा खोका बॅगेत दिसू लागला. जयगडसारख्या बंदरगावात, जिथे कुणी कुवेतला, कुणी दुबईला, तर कुणी बोटीवर, तिथे या यंत्राचे कुणाला फारसे अप्रूप राहिले नाही. आज त्यातले निम्मे खोके माळ्यावर पडून आहेत. यंत्र चालू होते, पण डिस्क वाचत नाही. आणि या न वाचल्या जाणाऱ्या डिस्कच्या जोरावर एक नवा धंदा उभा राहू पाहत आहे.

गेल्या पंधरवड्यात तवसाळला जाणाऱ्या फेरीबोटीची वाट पाहत आम्ही जयगडच्या जेटीवर थांबलो होतो. ओळखीतला एक तरुण भेटला. आय.टी.आय. झालेला, हातात सोल्डरिंगची कला, वडील अजून परदेशात. गावात दुकान काढायचे त्याने ठरविले आहे आणि भाड्याच्या गाळ्यासाठी वडिलांनी पैसे पाठविले आहेत. त्याने सरळच विचारले, "चाचा, बाहेरच्या हार्ड डिस्कवर गेम भरून द्यायचे काम सुरू करतोय. एक टेराबाइटची डिस्क, आत दोनशे गेम. चालेल ना?"

चालेल, यात आम्हाला शंका नाही. अशा डिस्का मुंबईच्या बाजारात वर्षानुवर्षे विकल्या गेल्या आहेत. प्रश्न असा आहे की त्या दोनशे गेमपैकी गिऱ्हाइकाच्या मालकीचे किती? तरुण हसला आणि म्हणाला, "एकही नाही. पण सगळे त्याला बॅकअपच म्हणतात."

येथेच आमचा आक्षेप आहे. बॅकअप म्हणजे आपल्याजवळ असलेल्या वस्तूची जपून ठेवलेली दुसरी प्रत. जी वस्तू आपली कधी नव्हतीच, तिचा बॅकअप कसला? एका चांगल्या शब्दाला बाजाराने असे वापरले आहे की आता खरा बॅकअप करणाऱ्या माणसाकडेही लोक संशयाने पाहतात.

खरी गरज मात्र आहे, आणि ती कोकणात इतरांपेक्षा जास्त आहे. रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. चार महिने कपाटातले कपडे ओले, पुस्तकांना बुरशी, तर डिस्कची काय कथा! त्यात खाडीची खारी हवा. डिस्कवर ठिपके धरतात, यंत्रातली लेन्स मंद होते, मधले गियर झिजतात. सोनीने प्लेस्टेशन-२चे उत्पादन २०१३च्या सुरुवातीला बंद केले, त्यामुळे नवे यंत्र मिळण्याची आशा नाही. पैसे मोजून घेतलेली डिस्क शाबूत असेपर्यंत तिची प्रत हार्ड डिस्कवर उतरवून घ्यावी आणि त्या प्रतीवर खेळावे, हे शहाणपणाचेच आहे. लेन्सला आराम मिळतो, डिस्क डब्यात सुरक्षित राहते.

हे होते कसे, ते धंदा करणाऱ्याने नीट समजून घ्यावयास हवे. प्लेस्टेशन-२मध्ये फ्री मॅकबूट नावाचा प्रोग्रॅम मेमरी कार्डावर घालतात. यंत्र उघडावे लागत नाही. त्यावरून ओपन पी.एस.टू लोडर चालवून हार्ड डिस्कवरील गेम उघडतात. शेवटच्या काळातल्या काही यंत्रांवर मात्र ही युक्ती चालत नाही, म्हणून मॉडेल नंबर पाहिल्याशिवाय गिऱ्हाइकाकडून पैसे घेऊ नयेत. दुसरी गोष्ट, डिस्कची मांडणी बहुधा फॅट-३२ पद्धतीची करतात आणि तीत एक फाइल ४ जी.बी.पेक्षा मोठी बसत नाही. साध्या डी.व्ही.डी.त ४.७ जी.बी. मावतात, म्हणजे मोठा गेम तुकडे करून ठेवावा लागतो. तिसरी गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. फाइल डिस्कवर सलग असावी लागते. जुने गेम पुसून नवे भरले, पुन्हा पुसले, पुन्हा भरले, की फाइल विखुरते आणि गेम उघडतच नाही. गिऱ्हाईक म्हणते डिस्क खराब, दुकानदार म्हणतो यंत्र खराब. डिस्क पूर्ण रिकामी करून एकेक फाइल ओळीने भरली की दोघेही गप्प.

आणि वेग! प्लेस्टेशन-२ची यू.एस.बी. जुन्या १.१ पद्धतीची, सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे हाती पडतो जेमतेम एक मेगाबाइट. यंत्राची स्वतःची डी.व्ही.डी. त्याच्या पाचपट वेगाने वाचते. साहजिकच गेममधले चलच्चित्र अडखळते, आवाज तुटतो. २००४ साली पातळ मॉडेल आले, त्याआधीच्या जाड मॉडेलमध्ये मागे हार्ड डिस्क बसविण्याची जागा होती आणि सोनीने स्वतःच ४० जी.बी.ची डिस्क काढली होती. त्या जागी डिस्क बसविली तर गेम सुरळीत चालतात. पातळ यंत्राला संगणकाशी नेटवर्कच्या वायरीने जोडूनही काम भागते. ही माहिती आधी सांगून मग पैसे मागणारा दुकानदार आम्हाला अजून भेटायचा आहे.

आमचाच अनुभव सांगतो. काही वर्षांपूर्वी घरातल्या मुलांसाठी आम्ही एका मोठ्या शहरातल्या दुकानातून गेमने भरलेली डिस्क घेतली होती. आपण काय घेत आहोत याचा तेव्हा आम्ही विचार केला नाही, ही चूक आमची. दीडशेवर नावे यादीत होती. त्यातले तीसएक चालले, बाकीचे काळ्या पडद्यावर थांबले. चौथ्या महिन्यात डिस्क टक्-टक् करू लागली आणि बंद पडली. परत गेलो तर दुकानदाराने विचारले, "पावती आहे का?" पावती त्याने दिलीच नव्हती, कारण पावतीवर तो काय लिहिणार होता? चोरीच्या मालाला हमी नसते, हे आम्हाला त्या दिवशी पैसे देऊन कळले.

आता कायद्याकडे येऊ. कॉपीराइट कायदा १९५७चा. त्याच्या कलम ५२ (१)(एए)मध्ये १९९४च्या दुरुस्तीने अशी तरतूद आली की, कायदेशीररीत्या ताब्यात असलेल्या संगणक प्रोग्रॅमची प्रत, मूळ प्रत हरवू वा नष्ट होऊ नये म्हणून तात्पुरते संरक्षण या हेतूने काढता येते. म्हणजे आपल्या डिस्कचा बॅकअप ही संकल्पना आपल्या कायद्याला परकी नाही. गेममध्ये चित्रे व संगीतही असते, तेव्हा वकील मंडळी यावर वाद घालतील, तो भाग वेगळा. पण उलट बाजूला कलम ६३-बी आहे. बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्याला किमान ७ दिवस ते कमाल ३ वर्षे कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड. वापर धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद न देता ५० हजारांपर्यंतच्या दंडावर सोडू शकते. ही सवलत धंद्यासाठी नाही, हे गाळा भाड्याने घेण्यापूर्वी लक्षात घ्यावे. विकणाऱ्याला तर कलम ६३ आहेच. त्यात सहा महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद सांगितली आहे.

यापेक्षाही उपयोगाचे कलम आमच्या तरुण मित्राने ऐकलेच नव्हते. २०१२च्या दुरुस्तीने ६५-ए हे कलम आले. कंपनीने घातलेले कुलूप हक्कभंगाच्या हेतूने तोडले तर दोन वर्षांपर्यंत कैद. परंतु त्याच कलमात पुढे म्हटले आहे की, कायद्याने स्पष्टपणे मना न केलेल्या कारणासाठी असे करण्यास आडकाठी नाही. मात्र दुसऱ्याला त्या कामी मदत करणाऱ्याने त्या माणसाचे नाव, पत्ता, ओळखीचा तपशील आणि कारण यांची संपूर्ण नोंद ठेवली पाहिजे. म्हणजे दुकानात नोंदवही हवी! देशभरात यंत्रे खोलून बसलेल्या किती दुकानांत अशी वही असेल? आम्ही तरी एकही पाहिली नाही. आणि कंपन्या स्वस्थ बसतात असेही नाही. प्लेस्टेशनमध्ये फेरफार करून देणाऱ्यांविरुद्ध सोनीने २०१२ साली दिल्ली उच्च न्यायालयात दाद मागितली होती. मायक्रोसॉफ्टने २००९ साली फेरफार केलेली एक्सबॉक्स ३६० यंत्रे मोठ्या संख्येने आपल्या ऑनलाइन सेवेतून बाद केली. अशा यंत्राचा मालक दुकानदाराच्या दारात येऊन उभा राहिला तर त्याला काय उत्तर द्यावयाचे?

कंपन्यांची बाजू मात्र आम्ही डोळे झाकून घेणार नाही. 'देसी अड्डा' नावाचा गेम २००९ साली प्लेस्टेशन-२साठी निघाला. कबड्डीसारखे आपल्या मातीतले खेळ त्यात होते. आज तो कुणाला पैसे देऊन नवा घ्यावयाचा झाला तर कुठे मिळणार? निन्टेन्डोने वीचे ऑनलाइन दुकान जानेवारी २०१९मध्ये बंद केले, वी-यू व थ्री-डी.एस.चे मार्च २०२३मध्ये. मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स ३६०चे दुकान जुलै २०२४मध्ये आवरले. प्लेस्टेशन-३चेही दुकान बंद करण्याचे सोनीने २०२१ साली जाहीर केले होते, ओरड झाल्यावर निर्णय फिरविला. विकायचेही नाही आणि दुसऱ्याने जपलेले चालायचेही नाही, असा हा व्यवहार आहे. व्यापाराच्या भाषेत याला अडवणूक म्हणतात. तरीही अडवणूक झाली म्हणून दुसऱ्याचा माल दोनशेच्या घाऊक हिशेबाने विकण्याचा परवाना आपल्याला मिळत नाही.

मग जयगडच्या दुकानाने करावयाचे काय? आमच्या मते काम भरपूर आहे. लेन्स बदलणे, गियर साफ करणे, गिऱ्हाइकाने आणलेली त्याचीच डिस्क उतरवून देणे आणि त्याची मजुरी उघडपणे घेणे. मूळ डिस्क त्याला परत करावी आणि सांगावे की ती विकलीस तर ही प्रतही पुसावी लागेल. आपल्याकडे त्याची प्रत ठेवू नये. ती अमानत आहे, दुकानाचा साठा नव्हे. नव्या यंत्रांना तर कुठलेही कुलूप तोडण्याची गरज नाही. प्लेस्टेशन-४वर मार्च २०१७पासून बाहेरची डिस्क कंपनीच्याच सोयीने चालते, २५० जी.बी. ते ८ टी.बी.पर्यंत. प्लेस्टेशन-५चे गेम बाहेरच्या साध्या डिस्कवर ठेवता येतात, खेळता येत नाहीत. जुने प्लेस्टेशन-४चे मात्र तिच्यावरून खेळता येतात. एवढे समजावून योग्य डिस्क जोडून दिली तरी गिऱ्हाईक दुवा देते. आणि ज्याला डिस्क उतरविता येते त्याला लग्नाच्या जुन्या सी.डी.ही उतरविता येतात. बोटीवर असलेल्या माणसाच्या घरी त्या सी.डी.ची किंमत कुठल्याही गेमपेक्षा जास्त असते.

एक यू.पी.एस. मात्र पहिल्या दिवसापासून हवा. याच जयगडला १,२०० मेगावॅटचे वीज केंद्र उभे आहे, पण वादळी पावसात गावातला दिवा कधी जाईल याची हमी कुणी देत नाही, आणि प्रत उतरत असताना वीज गेली तर फाइल वाया.

तरुणाने सर्व ऐकून घेतले. मग हिशेब मांडला. भरलेली डिस्क विकली तर एका दिवसात जे सुटते, ते मजुरीच्या कामात सुटायला आठवडा लागेल. हिशेब त्याचा बरोबर होता आणि आम्ही तो खोडला नाही. भाडे दरमहा द्यावयाचे आहे, हेही खरे. आम्ही एवढेच म्हटले की भाडे कमी असलेला, जेटीपासून आत असलेला गाळा पाहा. दुरुस्तीचे गिऱ्हाईक आत चालत येते.

फेरीबोट लागली तेव्हा तो विचारत होता, "चाचा, त्या वहीत रकाने किती आखू?" नाव, पत्ता, फोन, डिस्कवरील गेमचे नाव, प्रत कशासाठी, आणि शेवटी गिऱ्हाइकाची सही. सहा.