प्लेअर भरायचा तो आपल्याच हाताने



चातुर्मास जवळ आला की घरात एखादा छोटा प्लेअर येतो. मुलगा आणतो आणि दुकानदार मेमरी कार्ड भरून देतो. भक्तामर, आरत्या, सिनेमाच्या चालीवरची भजनं, सगळं एकत्र. माझं स्पष्ट मत आहे, हे कार्ड दुसऱ्याकडून भरून घेऊ नये. आपल्या देवघरात काय असावं, हे दुकानदार ठरवतो का?

२०१७ मध्ये सारेगामाचा ‘कारवां’ आला, त्यात ५००० जुनी गाणी आधीच भरलेली. घरातल्या मोठ्यांना तो आवडला, कारण शिकायचं काही नव्हतं. गाण्यांपुरतं ते ठीक. पाठाचं तसं नसतं. भक्तामराचे आपल्या दिगंबर परंपरेत ४८ श्लोक, श्वेतांबर भगिनींकडे ४४. कार्डात कोणता पाठ आहे, उच्चार शुद्ध आहेत का, हे पाहायला नको? ढोलकी-सिंथेसायझरच्या गलक्यात जोडाक्षरं ऐकूच येत नाहीत, आणि नातवंडं तसंच पाठ करतात.

काम अवघड नाही. साध्या एमपी३ला मिनिटाला साधारण एक एमबी लागते, म्हणजे ८ जीबीच्या कार्डात शंभर तासांहून जास्त मावतं. ३२ जीबीहून मोठं कार्ड घेऊ नका, साधे प्लेअर ते बऱ्याचदा वाचत नाहीत. फाइलच्या नावाआधी इंग्रजी आकड्यांत शून्य-एक, शून्य-दोन असं लिहा आणि त्याच क्रमाने एकेक कॉपी करा. नाहीतर णमोकाराच्या आधी आरती लागते.

पहिली फाइल मात्र घरातल्या आवाजाची असावी. सासूबाई, आई, आत्या, ज्यांना पाठ येतो त्यांच्याकडून सकाळच्या शांत वेळी म्हणवून घ्या. पंखा बंद ठेवा. व्हॉट्सअ‍ॅपवरचा आवाज साध्या प्लेअरवर बहुधा वाजत नाही. तो एमपी३ करून द्यायला मुलांना सांगा. त्यांच्याकडून एवढीच मदत घ्यायची.

याची गरज मला आपल्या भागात जास्त वाटते. बारावी आणि ‘नीट’साठी पोरं लातूरला, नांदेडला खोली घेऊन राहतात. कितीतरी वसतिगृहांत मोबाईल चालत नाही. अशा मुलीच्या बॅगेत आजीच्या आवाजातलं स्तोत्र असेल, तर तिला दूरच्या गावी घर भेटतं. आजी गेल्यावर तो आवाज कोणत्याच दुकानात मिळत नाही.

काही जणी म्हणतात, यंत्र लावलं की म्हणायची सवय जाते. ही भीती खरी आहे. म्हणून प्लेअर शिकण्यापुरता. अंथरुणाला खिळलेल्यांनी, नजर गेलेल्यांनी दिवसभर ऐकावं, त्यांच्यासाठी तोच स्वाध्याय. पण ज्यांचा घसा शाबूत आहे त्यांनी सामायिकाची ४८ मिनिटं प्लेअर बंदच ठेवावा. स्थानकवासी घरांत तर सामायिकात विजेच्या वस्तूला हातही लावत नाहीत. ती शिस्त आपणही घ्यावी असं मला वाटतं.

या चातुर्मासात दुकानात जाण्याआधी घरातल्या सर्वांत वयस्कर बाईंना विचारा, “तुम्हाला काय पाठ येतं?” जे सांगतील ते आधी भरा.

जय जिनेंद्र.