पुसली जाण्याआधीची जमीन

गवत वाऱ्यावर हलतं, पाणी वाहतं, उजेड कलतो. अमर कंवर यांच्या 'द सीन ऑफ क्राइम' या ४२ मिनिटांच्या चित्रपटात वरवर पाहता फारसं काही घडत नाही. मग नाव 'गुन्ह्याची जागा' का? कारण ओडिशातल्या या जमिनी तेव्हा उद्योगांसाठी घेतल्या जाणार होत्या. आपण पाहतो ते त्यांचं पुसलं जाण्याआधीचं रूप. हे कळलं की साध्या बांधावरूनही नजर हटत नाही.

हा चित्रपट ज्या 'द सॉव्हरिन फॉरेस्ट' या मांडणीचा भाग आहे, ती २०१२ मध्ये जर्मनीतल्या कासेलला आणि भुवनेश्वरलाही मांडली गेली. आम्हाला भुवनेश्वर अधिक मोलाचं वाटतं. तिथे भाताच्या देशी वाणांशेजारी लोकांनी स्वतः आणलेले पुरावेही ठेवता येत होते.

भूदृश्य आणि स्मृतीवरचा हा अंक जुळवताना कोयनेच्या, उजनीच्या पाण्याखालची गावं आमच्या मनात होती. सातबारा क्षेत्रफळ सांगतो. चिंचेची सावली कुठवर यायची, ते सांगत नाही. म्हणूनच कथानकांपेक्षा या अंकातल्या चित्रपटांच्या संथपणाविषयी आम्ही अधिक लिहिलं आहे. तुमच्या आठवणीतली, आता नसलेली एखादी जागा आम्हाला जरूर लिहून कळवा. फोटो नसला तरी चालेल.