टिंबाची किंमत

काचेवर चिकटवायच्या रंगीत व्हिनाइलला आपल्याकडे सर्रास ‘रेडियम’ म्हणतात. रेडियम धातूशी त्याचा काडीचाही संबंध नाही. ते मागून गोंद लावलेले पातळ प्लास्टिक. रिक्षाच्या मागच्या काचेवरचे ‘आई एकविरा’ आणि वाशीतल्या कितीतरी दुकानांच्या काचेच्या दारांवरची नावे त्याचीच असतात. “त्यात कसली कला? यंत्र कापते, माणूस चिकटवतो,” असे आमच्या वर्गातले विद्वान म्हणतात. मला ते पटत नाही.

गेल्या दिवाळीत घरच्या काचेच्या बरण्यांवर मी स्वतः नावे बसवली. यंत्र नुसती चीर पाडते. नको तो भाग चिमट्याने सोलून काढायचा, उरलेली अक्षरे चिकट कागदावर उचलायची आणि स्वच्छ, कोरड्या काचेवर दाबायची, हे सारे हाताचे काम. इंग्रजी अक्षरे सुटी. आपली मात्र शिरोरेषेला धरून उभी, म्हणून अख्खा शब्द एकदम उचलता येतो. पण संगणकावर अक्षरे आधी एकमेकांत नीट जोडून घेतली नाहीत, तर सुरी ती शिरोरेषाच जागोजाग तोडते. आणि अनुस्वार? तो बिचारा एकटाच. सोललेल्या कचऱ्याबरोबर कधी जातो, ते कळतही नाही. आईने बरणी हातात घेऊन विचारले, “अगं, हे ‘लवग’ काय असतं?” शेजारच्या बरणीवर ‘हिग’ होताच!

घरात हसण्यावारी गेले. बाजारात कसे जाईल? २०२२ साली कायद्यात दुरुस्ती होऊन महाराष्ट्रातल्या लहानमोठ्या सर्व दुकानांना देवनागरीतली मराठी पाटी सक्तीची झाली. मराठी अक्षर इतर लिपीतल्या अक्षरापेक्षा लहान नसावे, असेही ठरले. चांगलेच झाले. पण कायदा अक्षराची उंची पाहतो, टिंब पाहत नाही. ते पाहायला भाषा जाणणारा डोळाच हवा.

“मराठी घेऊन बी. ए. करून पुढे काय?” हा प्रश्न आपल्याला उठताबसता विचारला जातो. त्याने रेडियमच्या दुकानात बसावे, असे मी म्हटले तर पुष्कळजण नाक मुरडतील. खुशाल मुरडोत! शुद्धलेखन केवळ उत्तरपत्रिकेपुरते शिकायचे आणि गावभर चुकीच्या पाट्या वाचत हिंडायचे, यापेक्षा तो धंदा खचितच प्रतिष्ठेचा आहे.