पर लिटर, पर डे

आमच्या ऑफिसात वॉटर कूलरपाशी कायम टीडीएसवर चर्चा चालू असते. कुणाच्या घरचा आरओ किती दाखवतो, कुणाचा मेंब्रेन बदलायला आलाय, वगैरे. मीही त्यात तोंड घालायचो. पण या दिवाळीत आत्याकडे गेलो आणि कळलं, की आपल्याला पाण्यातलं ओ की ठो कळत नाही.

आत्याचं गाव यवतमाळ जिल्ह्यात, पांढरकवड्याजवळ. तिची नात सात वर्षांची. नवे दात आलेत, पण त्यांवर पांढुरके-तपकिरी पट्टे. मी म्हणालो, ‘ब्रश नीट करत नसेल.’ दादानं काही न बोलता बोअरच्या पाण्याचा रिपोर्ट पुढे केला. फ्लोराइड, 2.4 मिलिग्रॅम प्रति लिटर. टीडीएस मीटर हे वेगळं दाखवतच नाही, बरं का.

हा भागच त्यासाठी ओळखला जातो. खडकातलं फ्लोराइड भूजलात उतरतं. 2007 साली ‘करंट सायन्स’मध्ये पांढरकवडा परिसरावर शोधनिबंध आला होता, त्यात काही नमुने 10 च्याही वर होते. आपलं मानक म्हणतं, 1 पर्यंत ठीक. दुसरी सोयच नसेल तर 1.5.

‘अडीचच तं हाये,’ आत्या म्हणाली. ‘अन् आम्ही उकयून पेतो ना बाप्पा!’

इथे मी कागद-पेन काढलं. 2.4 हा नुसता रेट आहे, कॅबच्या पर किलोमीटरसारखा. बिल किती, ते तुम्ही किती फिरलात त्यावर. एसीत बसून मी दिवसाला दोन लिटर पितो, म्हणजे 4.8 मिलिग्रॅम. दादा मे महिन्यात वावरात पाच लिटर सहज पितो. झाले 12! जागतिक आरोग्य संघटनेच्या मते दिवसाला सगळं मिळून 6 च्या वर गेलं की हाडांना धोका वाढायला लागतो, 14 ला तर परिणाम स्पष्टच दिसतो. गंमत बघा, 1.5 च्या ‘चालेल’वाल्या पाण्याचेही पाच लिटर म्हणजे साडेसात. वर दिवसभराचा चहा, त्यातही फ्लोराइड असतंच.

आणि उकळणं? दहा लिटरमध्ये 24 मिलिग्रॅम. उकळून नऊ लिटर उरलं तरी 24 तसेच. म्हणजे लिटरला 2.67. जंतू मेले, फ्लोराइड दाट झालं. आत्याचा चेहरा पाहून मला ते बोलल्याचं वाईट वाटलं.

गावातल्या जुन्या विहिरीचा रिपोर्ट मात्र 0.4. मग प्यायला-स्वयंपाकाला विहीर, धुण्याभांड्याला बोअर, असं ठरलं. विहिरीचं पाणी कमी पडलं तर 15 लिटर विहिरीचं, 5 बोअरचं. 6 अधिक 12, म्हणजे 20 लिटरमध्ये 18. लिटरला 0.9. पास!

मी जाम खूश. वहिनी हंडा घासत होत्या. म्हणाल्या, ‘भाऊजी, एप्रिलात विहीर आटते. तवा काय मिसळाचं?’

तुरटी आणि चुन्यानं फ्लोराइड खाली बसवायची नालगोंडा पद्धत आहे, नागपूरच्या नीरीनंच काढलेली. पण तुरटीचा डोस पाणी तपासून ठरवावा लागतो, अंदाजपंचे नाही. आरओनंही फ्लोराइड निघतं, पण त्याला लाइट हवी. पोरीच्या दातांवरचे पट्टे आता जाणार नाहीत. बाकीचे दात अजून हिरडीत तयार होतायत. एप्रिलला पाच महिने आहेत. ऑफिसातल्या मेंब्रेन-एक्स्पर्टला मी कालच इन्व्हर्टरवर चालणाऱ्या आरओचं विचारलंय.