ओहोटीचे दफ्तर

कुंडलिकेच्या काठी, समुद्रापासून कित्येक कोस दूर अशा नवीन जालन्यात बसून अनुबोधपटकारांना कालवांविषयी चार शब्द सुनावण्याचा आम्हांस अधिकार तो काय, अशी पृच्छा कोकणातील वाचक करतील, तर ती आम्हांस मंजूर आहे. परंतु ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंची हलती चित्रे झाली, त्यांत समुद्रस्नानाचेही एक चित्र होते. चित्रपट आपल्याकडे आला तोच समुद्राला बरोबर घेऊन. ल्यूमिएरांच्या चित्रण-यंत्रात सुमारे १७ मीटर फीत मावे आणि जेमतेम ५० सेकंदांत संपे. सबब दर्यावरच्या कष्टांचे आद्य चित्रण तुटक राहिले, याचा दोष त्या चित्रणकारांच्या माथी मारणे अन्यायाचे होईल.

बोल लावायचा तो पुढच्यांना. अनुबोधपटकार फ्लॅहर्टी यांच्या ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’मध्ये (१९३४) बेटकरी प्रचंड शार्कची शिकार करतात, ती दृश्ये भव्य खरीच, पण ती शिकार तेथे कित्येक दशकांपूर्वी बंद पडली होती आणि चित्रणासाठी बेटकऱ्यांना ती नव्याने शिकवावी लागली.

आपल्या किनाऱ्यावर कालवे काढणे अद्याप जिवंत आहे. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात पाणी जितके चढते तितकेच ओहोटीला उतरते, आणि एरवी बुडालेली खडपे उघडी पडली की त्या दोन-तीन तासांच्या सवडीत बायका उकिडव्या बसून टोकदार लोखंडी हत्याराने वरचा शिंपला उचकटतात व आतला गर भांड्यात टाकतात. खालचा शिंपला खडकालाच राहतो, आणि पुढे कालवांची पिल्ले अशाच जुन्या शिंपल्यांवर येऊन चिकटतात.

अभिप्रायासाठी आलेल्या एका चित्रणात दिग्दर्शकाने, उजेड मनासारखा पडला नाही म्हणून, एका बाईस तीच क्रिया पुन्हा करावयास लावली आहे. एकदा उचकटलेले कालव दुसऱ्यांदा उचकटता येत नाही. बिचारी रिकाम्या शिंपल्यावर ठोकत राहते, आणि तो पोकळ आवाज ध्वनिफितीत स्वच्छ उतरला आहे. आमची सूचना इतकीच, की चित्रणाच्या दफ्तरात तारखेशेजारी तिथी लिहावी, आणि यंत्रात आता तासन्‌तास मावतात तर पाणी हटल्यापासून परते तोवर ते बंद करू नये. त्याच चित्रणाच्या शेवटी दिग्दर्शक “थांबा, थांबा” म्हणतो आहे. बाई मात्र भांडे कमरेवर घेऊन केव्हाच निघाली आहे, आणि तिपाईचे पाय पाण्यात आहेत.