एकच नाडी, दोन आजार

‘रक्त पातळ करणारी गोळी’ हा शब्दप्रयोग भौतिकशास्त्राच्या कसोटीवर टिकत नाही. या गोळीने रक्ताची श्यानता घटत नाही. रक्त पूर्वीइतकेच दाट राहते, केवळ गुठळी बांधण्याची त्याची क्रिया मंदावते. शब्द रूढ झाला आहे आणि तो आता बदलणार नाही. मात्र त्याच्यामुळे अशा सर्व गोळ्या एकाच जातीच्या आणि त्यांतली नवी ती अधिक चांगली, असा एक समज पसरतो. तो अधिक घातक आहे.

भिलाईच्या सिविक सेंटरला औषधे घ्यायला आलेल्या दोन व्यक्तींची कल्पना करावी. एक, पोलाद कारखान्यातून निवृत्त झालेले पंचाहत्तरीचे गृहस्थ. रक्तदाब जुना, मधुमेह सौम्य. दुसरी, दुर्ग जिल्ह्यातल्या एखाद्या खेड्यातून आलेली चाळिशीची शेतमजूर स्त्री. दोघांच्याही ईसीजीवर निदान एकच: एट्रियल फिब्रिलेशन. हृदयाची अलिंदे एका लयीत आकुंचन पावण्याऐवजी मिनिटाला साडेतीनशेहून अधिक वेळा नुसतीच थरथरतात. डाव्या अलिंदाच्या पिशवीसारख्या उपांगात रक्त साचते, तिथे गुठळी धरते आणि ती सुटून मेंदूत गेली की पक्षाघात होतो.

इथपर्यंत दोघांची कथा सारखी आहे. गृहस्थांचा आजार वयाचा आणि रक्तदाबाचा. त्या स्त्रीचा आजार बालपणीच सुरू झाला: घसा दुखला, जंतुसंसर्गावर पुरते उपचार झाले नाहीत, ऱ्हुमॅटिक ताप आला आणि पुढे मायट्रल झडप जाड होऊन अरुंद झाली. श्रीमंत देशांतून हा आजार जवळजवळ नाहीसा झाला आहे. भारतातून झालेला नाही.

डॅबिगॅट्रान, रिव्हरॉक्सॅबान, अ‍ॅपिक्सॅबान या नव्या औषधांना मान्यता मिळवून देणाऱ्या २००९ ते २०११ मधल्या मोठ्या चाचण्यांनी अशी लक्षणीय अरुंद झडप असलेले रुग्ण वगळले होते. म्हणजे ‘नवी औषधे वॉरफरिनइतकीच किंवा त्याहून सरस’ हा निष्कर्ष त्या गृहस्थांना लागू होता, त्या स्त्रीला नव्हता. तरीही नव्या गोळीला ना वारंवार रक्ततपासणी लागते, ना पथ्य. म्हणून तिचा मोह वैद्यकालाही पडत होता, रुग्णालाही.

हा प्रश्न अखेर ‘इन्व्हिक्टस’ चाचणीने विचारला. दिल्लीच्या एम्समधील गणेशन कार्तिकेयन तिच्या अग्रणी संशोधकांपैकी एक. रुग्ण २४ देशांतले. २०२२ च्या ऑगस्टमध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. ४,५३१ रुग्णांत बहुसंख्य स्त्रिया होत्या आणि सरासरी वय पन्नाशीच्या आसपास होते. रिव्हरॉक्सॅबान घेणाऱ्या २,२७५ जणांपैकी ५५२ दगावले. वॉरफरिनच्या जातीची जुनी औषधे घेणाऱ्या २,२५६ जणांपैकी ४४२. मोठ्या रक्तस्रावात लक्षणीय फरक आढळला नाही. उंदीर मारण्यासाठी १९४८ मध्ये बाजारात आलेले आणि १९५० च्या दशकात माणसांसाठी मान्य झालेले औषध इथे जिंकले!

ते का जिंकले, याचे समाधानकारक उत्तर अजून नाही. मृत्यूंतला फरक मुख्यत्वे पक्षाघाताचा नव्हता; आकस्मिक मृत्यू आणि हृदय निकामी होणे यांचा होता. जुन्या औषधाच्या रुग्णांना दरमहा तपासणीला यावे लागे आणि त्या निमित्ताने कुणीतरी त्यांना पाहत असे, ही मांडल्या गेलेल्या शक्यतांपैकी एक. ती सिद्ध झालेली नाही, पण हसण्यावारी नेण्यासारखीही नाही.

ही तपासणी म्हणजे आयएनआर. रक्त गोठायला लागणारा वेळ पूर्वी प्रत्येक प्रयोगशाळेत वेगळा येई, कारण अभिकर्मक वेगळे. १९८३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने त्यावर तोडगा स्वीकारला: रुग्णाचा वेळ भागिले सामान्य वेळ आणि त्या गुणोत्तराला त्या अभिकर्मकाचा स्वतःचा घातांक. मापनशास्त्रातला हा अत्यंत देखणा आणि अत्यंत दुर्लक्षित विजय आहे. अशा रुग्णांत आकडा साधारण २ ते ३ च्या दरम्यान हवा. खाली गेला तर गुठळीचे भय, फार वर गेला तर रक्तस्रावाचे. रेल्वेचे रूळ घडवणाऱ्या भिलाईला ठरलेल्या मर्यादेत माप राखण्याची शिस्त नवी नाही.

आकडा हलतो तो ताटामुळेही. वॉरफरिन जीवनसत्त्व ‘के’च्या कामात अडथळा आणते आणि हिरव्या पालेभाज्यांत ‘के’ भरपूर असते. छत्तीसगडचा हिवाळा तर चना भाजी आणि तिवरा भाजीचा. मराठी घरांत मेथी, शेपू, अळू. यावर ‘पालेभाजी बंद करा’ हा सरधोपट सल्ला दिला जातो. तो चुकीचा आहे. प्रमाण सारखे राखावे आणि ऋतू बदलला की तपासणी करावी, एवढेच पुरते. स्वतःहून गोळी थांबवणे मात्र दोघांनाही जिवावर बेतू शकते.

इतर उपचारही दोघांचे वेगळे. गृहस्थांना नवी गोळी बहुधा योग्य, काहींना अ‍ॅब्लेशनही. स्त्रीची झडप फुग्याने रुंद करता येते. त्यानंतरही फिब्रिलेशन राहिले तर तिची गोळी सुटत नाही. ती गर्भार राहिली तर वॉरफरिनचा गर्भाला धोका, म्हणून बेत पुन्हा बदलावा लागतो.

आता पैशाचा प्रश्न. आयुष्मान भारत योजनेतून कुटुंबाला वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतचे उपचार मिळतात, पण ते मुख्यतः रुग्णालयात भरती झाल्यावरचे. झडपेचा खर्च निघतो. पुढे आयुष्यभर करायच्या आयएनआर तपासणीचा आणि त्यासाठी बुडणाऱ्या रोजंदारीचा निघत नाही. बोटावरच्या थेंबभर रक्तातून हा आकडा सांगणारी हातात मावणारी यंत्रे जगात अनेक वर्षे वापरात आहेत. ती गावच्या आरोग्य केंद्रात ठेवून त्यांच्या पट्ट्या सरकारी खर्चाने पुरवल्या, तर त्या स्त्रीला दर महिन्याला एक दिवसाची मजुरी बुडवून शहर गाठावे लागणार नाही.